चपराशाच्या मापाची सायकल

यंत्र माणसाच्या मापाचं असावं, माणसाने यंत्राच्या मापाचं होऊ नये. मानवजातीने केलेल्या थोर विचारांपैकी हा एक आहे, आणि पन्नासच्या दशकात वर्धा जिल्ह्यात राहणाऱ्या माणसाला तो टाळणं अशक्य होतं. मी तो शाळेच्या गॅदरिंगमध्ये ऐकला, सूतकताईच्या वर्गात ऐकला, एका लग्नात अक्षता पडण्याआधी ऐकला. शेवटचा ऐकला तो आम्हा सात मुलींना सरकारी सायकली वाटल्या त्या समारंभात. पाहुण्यांनी तो पाऊण तास उलगडून सांगितला. त्यांच्या मागे सात सायकली गळ्यात हार घालून उभ्या होत्या. सातही एकाच मापाच्या होत्या.

वर्ग ग्रामसेविकांचा होता. वर्ध्याबाहेर पवनारच्या रस्त्याला एक कौलारू इमारत, पुढे मैदान, मैदानाच्या कडेला विहीर आणि तिचा उंच ओटा. सहा महिने शिकायचं होतं: बिनधुराची चूल, मुलांचं लसीकरण, परसातला भाजीपाला आणि शेवटी सायकल. कारण पुढे प्रत्येकीला आठ-दहा गावं फिरायची होती. चुलीत नापास झालं तर पुन्हा परीक्षा देता येत असे. सायकलीत नापास झाली तिला नेमणुकीचा कागद नाही, मग चूल कितीही बिनधुराची का असेना.

मला तो कागद हवा होता. वडील शाळामास्तर होते. ते गेले तेव्हा त्यांच्यामागे दोन ट्रंका पुस्तकं राहिली, आणि त्या ट्रंका घेऊन आई आणि मी रोहण्याला मामाकडे राहायला आलो. पुस्तकं मी सगळी वाचून काढली. दुसरं त्यांचं करण्यासारखं काही नव्हतं. मामा वाईट नव्हता, मामीही नव्हती. सहा वर्षांत आम्हाला कोणी वावगा शब्द बोललं नाही. पण आई लोणच्याच्या बरणीला हात लावण्याआधी मामीला विचारायची, आणि मामी म्हणायची, "विचारून काय राह्यली वं, घे ना." हे संभाषण मी सहा वर्षं दिवसातून दोनदा ऐकलं. कागद मिळाला असता तर आईला आणून ठेवायला मला एक खोली मिळणार होती. नाही मिळाला तर काय, ते मामाने पत्रात लिहिलंच होतं: सायकल जमली नाही तर लाजू नको, खबर धाड, मी गाडी जुंपून न्यायला येतो. पत्र मायेचं होतं. ते मी पुन्हा उघडलं नाही.

सायकल चालवायला आम्ही वर्गातल्याच एका जुन्या, खिळखिळ्या सायकलवर शिकलो होतो. तिची सीट पार खाली बसलेली. बसल्या जागी दोन्ही पाय जमिनीला लागत, त्यामुळे उतरायला असं कोणी शिकलंच नाही. थांबायचं आणि उभं राहायचं. नव्या सायकली आल्यावर मोठ्या बाईंनी बाजारातून मिस्त्रीला बोलावलं. मोठ्या बाई म्हणजे आमच्या मुख्य शिक्षिका. सगळे त्यांना तसंच म्हणत. सातही सायकली मुलींच्या मापाच्या करून द्यायच्या, असा निरोप होता.

मिस्त्री आला, त्याने पाने मांडले, पहिली सायकल ओढून घेतली आणि हात झटकत म्हणाला, "हां, बसा जी कोणी."

कोणी बसलं नाही.

"बसायचं म्हणजे?" मोठ्या बाईंनी विचारलं. "आणि तुम्ही काय करणार?"

"मी मागून धरतो ना जी. मंग वाकून पाह्यतो, टाच पायडलवर कुठं येते ते."

"टाच?"

"टाच. अन् गुडघा."

गुडघा हा शब्द मैदानाच्या मधोमध पडला आणि सगळ्यांनी त्याच्याकडे न बघण्याचा प्रयत्न केला. मोठ्या बाई दर शनिवारी आम्हाला स्त्रीमुक्तीवर तासभर सांगत. स्त्रीने उंबरठा ओलांडला पाहिजे, हे त्यांनी इतक्या वेळा सांगितलं होतं की आमच्यातली एक उंबरठा दिसला की हसायची. पण उंबरठा ओलांडून आलेल्या स्त्रीची टाच मिस्त्रीने वाकून पाहावी, इथपर्यंत तो विचार पोचलेला नव्हता.

"आम्ही एकमेकींची सायकल धरू," आम्ही म्हणालो.

"धरसान तुम्ही," मिस्त्री म्हणाला. "पण पाह्यनं तर मलेच लागन ना? लुगड्यातली टाच मी कशी पाहू?" खरं तर तो आमच्यापेक्षा जास्त लाजला होता. हे सगळं तो कडुनिंबाच्या झाडाशी बोलत होता.

सायकलींबरोबर एक इंग्रजी पुस्तिका आली होती. ती उघडून वाचणारी मी एकटीच. त्यात लिहिलं होतं की पायडल अगदी खाली असताना त्यावर टाच टेकवावी आणि तेव्हा पाय जेमतेम सरळ व्हावा. नवशिक्याने सीट याहूनही दोन बोटं खाली ठेवावी, म्हणजे थांबताना पाय जमिनीला लागतो. यासाठी मिस्त्रीच्या नजरेची गरज नव्हती. एकीने धरावं, एकीने बसावं, एकीने पाहावं. मिस्त्रीने पाठ फिरवून उभं राहावं आणि सांगितलं की नट आवळावा. मी हे मोठ्या बाईंना सांगितलं. त्यांनी पुस्तिका हातात घेतली आणि चित्र पाहिलं. चित्रात अर्ध्या चड्डीतला एक गोरा माणूस होता. त्यांनी पुस्तिका पालथी घातली.

"ज्या देशातलं हे पुस्तक, तिथं लुगडं नेसते काय कोणी?" मिस्त्रीने झाडाला विचारलं. या प्रश्नाचा आमच्या अडचणीशी काही संबंध नव्हता, पण तो सगळ्यांना पटला.

तोडगा मोठ्या बाईंनीच काढला, आणि तो इतक्या गंभीरपणे अमलात आणला गेला की त्यात काही चूक असेल असं वाटण्याची सोय राहिली नाही. प्रत्येक मुलीच्या उंचीचा एकेक पुरुष शोधायचा. मिस्त्रीने त्या पुरुषाला बसवून माप घ्यायचं. मग पुरुषाने उतरायचं आणि सायकल मुलीला द्यायची.

आम्हाला एकेक करून दाराच्या चौकटीला उभं केलं, डोक्यावर फूटपट्टी ठेवून खडूची रेघ मारली आणि आत पाठवलं. मग इमारतीतले पुरुष आले: स्वयंपाकी, माळी, कारकून, चौकीदार आणि चपराशी. तेही एकेक करून त्याच चौकटीला उभे राहिले. चोरी झाल्यावर पोलीस लोकांना उभं करतात, तसे. पुरुष पाच आणि मुली सात, त्यामुळे दोघांच्या वाट्याला दोन-दोन मुली आल्या.

माझ्या रेघेला चपराशी तंतोतंत जुळला. पन्नाशीचा माणूस, अंगात खाकी कोट, छातीवर पितळी बिल्ला. वर्गाचं टपाल रोज तो पायी वर्ध्याला न्यायचा आणि पायी आणायचा. मोठ्या बाई खूश झाल्या. इतकं चांगलं माप दुसऱ्या कोणाचं जुळलं नव्हतं. त्याची सगळी उंची पायांत होती, हे कोणाच्या लक्षात आलं नाही. आमच्या घराण्यात उंची धडात असते. बसलेलं असताना आम्ही भारदस्त दिसतो, आणि उठून उभे राहिलो की लोक जरा निराश होतात.

चपराशी सीटवर बसला; सायकल माझी, म्हणून मला बाहेर बोलावलं. मिस्त्रीने मागून कॅरिअर धरलं, वाकून टाच पाहिली, गुडघा पाहिला, कोणाची हरकत नव्हती.

"टोचते काय?"

"टोचत नाई. पण मांडी आखडून राह्यली."

सीट वर गेली.

"आता?"

"अजून एक सूत घे वर."

मिस्त्रीने एक सूत घेतलं. चपराशाने आणखी अर्धं मागितलं. मग हँडल जरा पुढे. मग सीटचं नाक जरासं खाली. मिस्त्रीला असं समजून-उमजून सांगणारं गिऱ्हाईक बऱ्याच दिवसांत भेटलं नसावं. तोही रंगात आला. शेवटी सायकल स्टँडवर चढवली आणि चपराशाने जागच्या जागी पायडल मारून पाहिलं. मागचं चाक फिरत होतं, तो हलत नव्हता. त्याने डोळे मिटले होते.

"खुर्चीवानी वाटते," तो म्हणाला. मग डोळे उघडून त्याने मला पाहिलं आणि घाईघाईने म्हणाला, "मी तुमच्या तर्फे बसून राह्यलो बाई. मले काय करायची हाय सायकल."

मला ती उंच होणार, हे मला तेव्हाच दिसलं होतं. मी बोलले नाही. त्या माणसाचं आयुष्यात कोणी कशासाठी माप घेतलं नव्हतं; अंगातला कोटसुद्धा आधीच्या चपराशाचा होता. मी बोलले असते तर त्याला खाली उतरवावं लागलं असतं. पुढे जे झालं त्यात माझा एवढा वाटा आहे.

मिस्त्रीने पान्याला लोखंडी नळी जोडली आणि सीटचा नट आवळला. पुन्हा आवळला. "बाईमाणसाची सायकल, मधीच ढिली झाली तं कसनार कोन?" असं म्हणून तिसऱ्यांदा आवळला. नटाचे कोपरे झिजून तो गोटीसारखा गोल झाला. त्याच्यावर हातोडीचा एक ठोका घालून मिस्त्री म्हणाला, "हे आता हलत नाई." त्या दिवशी त्या मैदानावर बोललं गेलेलं तेवढंच वाक्य पूर्णपणे खरं ठरलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी विहिरीच्या ओट्यावरून सायकलवर चढले. जमिनीवरून चढण्याचा प्रश्नच नव्हता. पायडल खाली गेलं की माझा पाय त्याच्यामागे जाई आणि एका ठिकाणी आमची ताटातूट होई. ते वर आलं की पुन्हा भेट. त्यामुळे मी सीटवर एकदा उजवीकडे आणि एकदा डावीकडे घसरत चालले होते. कंबर त्याच दिवशी बोलायला लागली. पण चालवता येत होतं. येत नव्हतं ते थांबणं. ब्रेक दाबला की सायकल थांबे आणि मी नुसतीच तिच्यावर, हवेत, कुठल्या बाजूला पडायचं ते ठरवत. पुढे सरकून एक पाय पायडलवर ठेवून उतरायचं असतं, हे मला पुस्तिकेवरून कळलं होतं. पुस्तिकेतल्या माणसाच्या पायात लुगडं नव्हतं.

तिसऱ्यांदा पडले तेव्हा चपराशी धावत आला. त्यानंतर तो रोज टपालाला निघण्याआधी ओट्याजवळ उभा राहू लागला. मी फेरी मारून आले की तो मागून कॅरिअर पकडायचा, मान खाली घालून, आणि मी ओट्यावर पाऊल टाकायची. मोठ्या बाईंनी हे एकदा पाहिलं.

"मुलींच्या सायकलला हात लावायचा नाही, सांगितलं आहे ना?"

"बाईंले नाई लावला जी. कॅरिअर धरलं. कॅरिअर सरकारचं हाय."

मोठ्या बाईंनी एकदा कॅरिअरकडे पाहिलं आणि त्या आत गेल्या.

मी तक्रार केली नाही असं नाही. मोठ्या बाईंना म्हटलं, सीट उंच होते. त्या म्हणाल्या, "सीट उंच नसते, आपली उमेद कमी पडते." बाकीच्यांचं काही बरं चाललं नव्हतं. स्वयंपाक्याच्या मापाच्या दोघींचे गुडघे हँडलला लागत; चौकीदाराच्या मापाची एक हँडल गाठायला सीटच्या टोकावर येऊन बसायची. पण माळ्याच्या मापाची एक जण मात्र अशी झकास बसली होती की जणू तिच्यासाठीच सायकल घडवली. तिच्यामुळे आम्हा सहा जणींचं म्हणणं कोणाला पटेना.

मिस्त्रीला निरोप धाडला. तो म्हणाला, नट कापावा लागेल, आणि सरकारी नट मी कागदाशिवाय कापत नाही. कागदासाठी कारकुनाकडे गेले. कारकून भला माणूस होता. त्याने मला बसवून नीट समजावून सांगितलं. सायकली पास झालेल्या आहेत. पास झालेल्या वस्तूत बदल करायचा तर ती आधी नापास करावी लागते. नापास केली की ती जमा होईल. जमा झाली की तुमच्याकडे सायकल नाही. सायकल नाही तर परीक्षेला कशा बसणार? मी कागद मागितला नाही.

परीक्षेच्या आदल्या आठवड्यात चपराशाने कुठून तरी एक नळी आणि पाना पैदा केला आणि स्वतःच जोर लावून पाहिला. नट हलला नाही. वरची सीट तेवढी कर्रकन फिरली आणि डावीकडे तोंड करून बसली. ती परत सरळ करायला त्याने अर्धा तास झटापट केली.

"आता जरा डावीकडे पाह्यते," तो शेवटी म्हणाला. त्याचं तोंड इतकं उतरलं होतं की मीच म्हटलं, राहू दे भाऊ, मला डावीकडेच बघायची सवय आहे.

परीक्षा अशी होती: वर्गापासून निघायचं, पवनारला धाम नदीच्या पुलापर्यंत एकटीने जायचं. पुलापलीकडे साहेब टेबल-खुर्ची टाकून बसणार. तिथे उतरायचं, नमस्कार करायचा, दोन प्रश्नांची उत्तरं द्यायची. जी पडेल ती नापास. कॅरिअरला औषधांची पेटी बांधलेली, आत काचेच्या बाटल्या; एक जरी फुटली तरी नापास.

चपराशाने सगळं ठरवलं होतं. टेबल-खुर्ची घेऊन तो सकाळीच पुलावर जाणार होता. "तुम्ही फक्त या," तो म्हणाला. "थांबायचं माह्याकडे लागलं. मी साहेबाच्या मागं उभा राह्यतो."

माझा नंबर सातवा, शेवटचा. थंडीचे दिवस होते, ऊन कोवळं होतं, रस्त्याच्या दोन्ही बाजूंनी कापूस फुटला होता. वेचणीला निघालेल्या बाया थांबून बघू लागल्या.

"पाह्य वं, बाई घोड्यावर!"

"घोडा बी कसा, नवरीवानी लाजते. तिकडंच पाह्यते."

ते डावीकडे तोंड केलेल्या सीटबद्दल होतं. घोडा असता तर माझी काही तक्रार नव्हती. घोडा थांबतो.

नदीकडे रस्ता जरा उताराचा आहे. पूल आला. पुलाच्या पलीकडच्या टोकाला टेबल दिसलं, टेबलामागे बंद गळ्याच्या कोटातले साहेब दिसले. साहेबांच्या मागे कोणी दिसलं नाही. मी पुन्हा पाहिलं. साहेबांच्या मागे आभाळ होतं.

चहासाठी दूध कमी पडलं म्हणून साहेबांनी चपराशाला गावात पाठवलं होतं, हे मला नंतर कळलं. त्या वेळी एवढंच कळलं की पडणारी नापास, असं नियमात आहे. न थांबणाऱ्या मुलीबद्दल नियम काही म्हणत नाही. हा विचार करायला मला पुलाच्या लांबीएवढा वेळ मिळाला.

साहेबांनी हात वर केला. "शाबास! बस, बस, उतर जाइये."

मी घंटी वाजवली. माझ्या हातात तेवढंच होतं.

"अहो बाई, उतरा! झाली परीक्षा!"

"येते, साहेब," मी म्हणाले. का म्हणाले, सांगता येत नाही. कोणाच्या घरातून निघताना आपण म्हणतो, तसं तोंडातून गेलं. साहेब खुर्चीतून उठले, मी त्यांच्यासमोरून गेले, आणि मग मला ते दिसेनासे झाले, कारण मागे वळून बघितलं तर मी पडले असते.

गाव मागे पडलं. पुढे चढ लागला. सायकल मंद होत चालली आणि माझे पाय पायडलला सापडेनात. आता कोणत्याही क्षणी पडणार, पेटीसकट, हे ठरलेलं होतं. तेवढ्यात पुढे एक रिकामी बैलगाडी दिसली. वर्ध्याला कापूस टाकून परत निघालेली, वर एक म्हातारा. मी कशीबशी तिच्या बरोबरीला आले आणि गाडीच्या कडेचा उभा दांडा धरला. बैल चालत होते, त्यांच्याबरोबर मीही चालले.

म्हाताऱ्याने बऱ्याच वेळाने बाजूला बघितलं.

"कोन हाय वं?"

"सेविका."

"गाडी काऊन धरून राह्यली मंग?"

"सायकलवरून उतरता येत नाई, बाबा."

म्हाताऱ्याने यावर विचार केला. "मंग चढली काऊन?"

वडिलांच्या दोन ट्रंकांमध्ये या प्रश्नाचं उत्तर नव्हतं. "वट्यावरून चढली," मी म्हटलं.

"मंग वट्यावरच उतरायचं ना."

"वटा मागं राह्यला, बाबा."

"हो, हो," म्हातारा म्हणाला, मला नाही, बैलांना. गाडी थांबली. माझी सीट आणि त्याच्या गाडीचा तळ अगदी एका उंचीचे होते. त्या सायकलचं माप इथे पहिल्यांदा कशाशी तरी बरोबर जुळलं. एका खोलीतून दुसरीत जावं तशी मी गाडीत पाऊल टाकलं आणि बसले. म्हाताऱ्याने भोपळ्याच्या तुंब्यातलं पाणी दिलं. मी पाणी प्याले आणि रडले. नापास झाले होते. आज ना उद्या कोणाच्या तरी गाडीत बसायचंच होतं. मामाच्या जागी ही आधी आली, एवढाच फरक. म्हातारा तेवढा वेळ बैलांच्या पाठीकडे बघत राहिला. मग म्हणाला, "पोरी, घर कुठं हाय तुहं?" मी आधी वर्धा म्हटलं, मग रोहणा.

सायकल हातात धरून मी पुलावर परत आले. साहेब निघून गेले होते. कठड्यावर चपराशी बसला होता, शेजारी दुधाचं भांडं. मला पाहून तो उठला, पुन्हा बसला.

"मले दुधाले पाठवलं, बाई."

"माहीत आहे, भाऊ."

"मी म्हटलं साहेबाले, अजून एक बाई यायची हाय. तं म्हणे, तिचं मी पाह्यतो."

साहेबांनी निकालाचं बंद पाकीट मोठ्या बाईंना द्यायला त्याच्याकडे दिलं होतं. ते त्याच्या खाकी कोटाच्या खिशात होतं आणि त्याचा एक कोपरा वर दिसत होता. आम्ही परत निघालो. मी हँडल धरलं होतं, त्याने सवयीने कॅरिअर. एका हातात दुधाचं भांडं. वाटेत मी मामाला लिहायचं पत्र मनात तयार केलं. ते तीन ओळींचं झालं. आईला वेगळं काय लिहायचं ते सुचलं नाही.

मोठ्या बाईंनी पाकीट सगळ्यांसमोर फोडलं. पहिल्या सहा नावांपुढे 'उत्तीर्ण' एवढंच होतं. माझ्या नावापुढे चार ओळी होत्या. शेरा इंग्रजीत होता. मोठ्या बाईंनी तो मराठीत करून वाचला, आणि वाचता वाचता त्यांचा आवाज शनिवारसारखा झाला. उमेदवाराने नेमलेल्या ठिकाणी न थांबता, निरोप घेऊन, पुढच्या गावांकडे प्रयाण केलं. उतरण्याचा आग्रह केला तरी ती थांबली नाही. कामाची अशी तळमळ क्वचित दिसते. प्रथम क्रमांक.

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. चपराशाने भांडं खाली ठेवून वाजवल्या. मोठ्या बाई मला म्हणाल्या, "पाहिलंस? उमेद." मी तोंड उघडलं, आईचा विचार केला आणि मिटलं.

महिन्याभरात कागद आला, खोली मिळाली, आई आली. ट्रंकाही आल्या. मामाने गाडी जुंपलीच, फक्त उलट्या दिशेने. माझ्याकडे आठ गावं होती आणि ती मी दोन वर्षं सायकल हातात धरून फिरले. भेटेल तो माणूस पंक्चर झाली का, असं आपुलकीने विचारायचा, आणि मी हो म्हणायची. ती सायकल ज्या एका माणसाला नीट बसत होती, तो टपाल घेऊन वर्ध्याला पायीच जात होता.

पुढच्या वर्षी नवी तुकडी आली तेव्हा, प्रथम क्रमांक म्हणून, तिला सायकल शिकवायला मलाच नेमलं. मी कार्यालयाला लेखी विनंती केली की मुलींना आधी उतरायला शिकवावं आणि मग चढायला. चार महिन्यांनी उत्तर आलं. अभ्यासक्रमात उतरण्यासाठी वेगळा तास ठेवलेला नाही, असं त्यात होतं. तोवर ती तुकडी सगळीच्या सगळी पास होऊन गेली होती.